तिला कळू नये म्हणून

तंजावरात आमच्या घरी मराठी दोन कामांसाठी वापरली जायची. एक, आपसांत बोलायला. दोन, चारचौघांत बसून त्याच चौघांबद्दल बोलायला. साडीच्या दुकानात आई दुकानदाराकडे बघून गोड हसायची आणि त्याच सुरात मला सांगायची, "हा अजून उतरतो, तू उठल्यासारखी कर." पापनाशमच्या बसमध्ये शेजारच्या बाईच्या नाकातल्या खड्यापासून तिच्या नवऱ्याच्या पोटापर्यंत सगळ्यावर आमची चर्चा व्हायची, आणि ती बाई आम्हाला सरकून जागा द्यायची. आमच्या सगळ्या नात्यागोत्यांत हे असंच चाले. कुणाला त्यात गैर वाटत नसे. घरात बोलायची ती मराठी वेगळी, जुनी, तमिळ शब्दांनी भरलेली. मी लिहिते आहे ही मराठी पुढे पुस्तकांतून उचललेली आहे. हिंदीच्या परीक्षा दिल्या म्हणून देवनागरी तरी वाचता आली, नाहीतर माझ्या भावंडांत ती कुणालाच येत नाही.

मी एका महिला कॉलेजात गणित शिकवायची. नव्वदीनंतरची ती वर्षं. गावात जिकडेतिकडे कॉम्प्युटर क्लासच्या पाट्या लागल्या होत्या, आमच्या कॉलेजातही एका गार खोलीत यंत्रं आली होती आणि तिच्या दारात चपला काढून आत जावं लागे. त्याच सुमारास विद्यापीठाने संख्या सिद्धांताच्या पेपरात गुप्तलेखनाचा भाग घातला. शिकवायला कुणी तयार होईना, तेव्हा तो माझ्या गळ्यात पडला. लग्न न झालेल्या बाईला वेळच वेळ असतो, असा स्टाफरूमचा समज होता. मी वैतागले, मद्रासला जाऊन उन्हाळ्यात एक शिबिर केलं, आणि परत आले ती त्या विषयाच्या प्रेमात पडूनच.

मुलींना मी आधी सोपं दाखवायची. प्रत्येक अक्षराऐवजी तीन घरं पुढचं अक्षर लिहा. वाचता येत नाही ना? आता मोजा. कोणतं अक्षर सगळ्यांत जास्त वेळा आलं? भाषेत काही अक्षरं सारखी येतात, काही क्वचित, आणि वेष बदलला तरी त्यांची ये-जा बदलत नाही. हजार-अकराशे वर्षांपूर्वी बगदादच्या एका विद्वानाने हे लिहून ठेवलं, तेव्हापासून अक्षरांना नुसते मुखवटे चढवून भागत नाही. मग पुढचा धडा: एकच निरोप दोन वेगळ्या लिप्यांत कधी पाठवू नये. एक लिपी शत्रूला येत असेल, तर तो दोन्ही कागद शेजारी ठेवतो आणि दुसरीही सोडवतो. लढायांच्या काळात आळशी तारवाल्यांनी हीच चूक पुन्हा पुन्हा केली. रोज सकाळी हवामानाचा तोच तो निरोप, त्याच शब्दांत, दोन्ही लिप्यांत. आणि सगळ्यांत वरचा नियम: आपली पद्धत शत्रूला ठाऊक आहे असंच धरून चालायचं, गुपित राहावं ते फक्त किल्लीत. हे शेवटचं मी फळ्यावर लिहून त्याखाली दोन रेघा ओढायची.

आणि घरी येऊन आईशी भावजयीसमोर मराठीत बोलायची.

भावजय पापनाशमची, तमिळ. माझ्या धाकट्या भावाच्या ऑफिसात होती, दोघांनी आपसांत ठरवलं आणि दोन्ही घरांनी थोडी आदळआपट करून मान्य केलं. मुलगी चांगली होती. नीटनेटकी, कमी बोलणारी, हसली की डोळे बारीक होणारी. आई तिला कधी टाकून बोलली नाही, हे मला सांगितलंच पाहिजे. आईची पद्धत वेगळी होती. ती आधी मला किंवा भावाला मराठीत म्हणायची, "भात थोडा मऊ राहिला आहे, उद्या पाणी कमी घाल म्हणून सांग तिला." आणि मग आमच्या सांगण्याची वाट न बघता स्वतःच तिच्याकडे वळून तेच तमिळमध्ये, साखर घोळून. सकाळच्या दुधापासून दुपारच्या रसमपर्यंत हे चाले. सुरुवातीला आम्ही काही बोलून हसलो की ती विचारायची, "काय झालं? मलाही सांगा ना." आम्ही काहीतरी थातूरमातूर सांगायचो.

तिला दोनदा दिवस राहिले आणि दोन्ही वेळा गर्भ नळीतच अडकला. पहिल्या वेळी एक नळी गेली. दुसऱ्या वेळी रक्तस्राव इतका झाला की जीव वाचला हेच खूप. स्टेशनजवळच्या एका छोट्या दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी भावाला आणि मला बाजूला घेऊन सांगितलं की दुसरी नळीही काढावी लागली. आता मूल होणं नाही. जरा ताकद आली की तुम्हीच तिला सांगा. भाऊ भिंतीला टेकून उभा राहिला. सांगायचं काम माझं, असं न बोलताच ठरलं.

मी खोलीत गेले तेव्हा भावजय भिंतीकडे तोंड करून पडली होती, हाताला सलाईन. आई उशाशी. आईने विचारलं, "डॉक्टर काय म्हणून सांगिटली?" आणि मी, दोन रेघा ओढणारी मी, तिथेच उभ्या उभ्या म्हटलं, "दोन्हीकडची नळी काढली. अत्ता मूल होणार नाही. तिला सांगू नको गे, पावम, सोसायची नाही." पावम म्हणजे बिचारी. तो शब्द आमच्याकडे तमिळमधूनच आला आहे. तेवढा एक तरी तिला कळला असेल असं तेव्हा माझ्या डोक्यातही आलं नाही. ती हलली नाही. मला वाटलं झोपली आहे.

घरी आल्यावर ती जेवेना. न्हाणीघरात नळ सोडून रडायची. अशक्तपणा आहे, आई म्हणायची, आणि तिला खिमटासारखं काहीबाही भरवायची. तिला सांगायला हवं होतं, पण मी रोज उद्यावर ढकलत होते. आज ती जरा बरी दिसते, कशाला. आज ती फारच वाईट दिसते, कशाला. स्वतःला फसवायला माझ्याकडे कारणांची कमी नव्हती.

मग एक गोष्ट माझ्या लक्षात आली. आम्ही मराठीत काही बोलून हसलो तर ती आता "काय झालं" विचारत नव्हती. कधीपासून विचारायची थांबली, ते आठवेना. शत्रूची लिपी फुटली की ती फुटल्याचं त्याला कळू द्यायचं नसतं. हातात बातमी असूनही गप्प बसायचं, नाहीतर तो लिपी बदलतो. हे मी वर्गात इतक्या रंगून सांगायची. एके दिवशी ती चुलीपाशी सांबार ढवळत होती. मी भाजी चिरता चिरता, मान वर न करता, आईला अगदी सपाट आवाजात म्हटलं, "आई, तिच्या डोक्यावर बघ, पाल आहे. पडेल अत्ता." पाल अंगावर पडणं आमच्याकडे वाईट मानतात. आई वर बघायला लागली. भावजयीने वर पाहिलं नाही. ती फक्त एक पाऊल बाजूला सरकली आणि ढवळत राहिली.

छतावर पाल नव्हती. माझा हात चिरता चिरता थांबला आणि मला एकदम दवाखान्यातली ती भिंत आठवली, आणि भिंतीकडे वळलेली तिची पाठ. तिला सगळं तेव्हापासूनच माहीत होतं. आणि आम्ही तिच्यासमोर भाताच्या मऊपणावर बोलत होतो. मला स्वतःची इतकी लाज वाटली की मी भाजी तशीच टाकून मागच्या अंगणात जाऊन उभी राहिले.

इथेच तिच्यापाशी जाऊन बोलले असते तर! तिचा हात धरून, तमिळमध्ये, सरळ. मला ते जमलं नाही. मी भित्री आहे, आणि भित्र्या माणसाला थोडी अक्कल असली की ते जास्त घातक ठरतं. फुटलेल्या लिपीचा आणखी एक उपयोग असतो. तिच्यातून मुद्दाम खोट्या बातम्या सोडायच्या. समोरच्याने त्या चोरून मिळवलेल्या असतात, म्हणून तो त्यांवर डोळे मिटून विश्वास ठेवतो. मला वाटलं, हा उपाय आहे. ती जेवू लागेल, अंगात बळ येईल, मग सावकाश खरं सांगू.

दोन-चार दिवसांनी ती बाहेरच्या खोलीत कपड्यांच्या घड्या घालत असताना मी आईला म्हटलं, "आई, बाजारात डॉक्टरीण भेटली होती. एकीकडची नळी थोडी राहिली आहे म्हणे. वर्ष-दोन वर्षं थांबा, होईल म्हणून सांगिटली." आईचा चेहरा असा उजळला की मला तिथेच पळून जावंसं वाटलं. तिने लगेच तिरुवैयारुच्या देवळात काय काय नवस बोलायचे ते ठरवून टाकलं. भावजयीच्या हातातली चादर क्षणभर थांबली आणि मग तिने तिची फार व्यवस्थित घडी घातली. त्या दुपारी ती दुसऱ्यांदा भात वाढून घेऊन जेवली.

भावाला मी खरं काय ते सांगितलं: तिला मराठी कळते, आणि डॉक्टरीण मला भेटलीच नव्हती. तो म्हणाला, "जेवते आहे ना, अक्का. असू दे." मला पाठिंबाच हवा होता, तो मिळाला. ती हसायला लागली, डोळे पुन्हा बारीक व्हायला लागले. मी मनातल्या मनात स्वतःची पाठही थोपटली. सावकाश सांगायचं ते राहूनच गेलं.

पुढच्या वर्षी तिची मोठी बहीण पापनाशमहून आली. तिला तिसरी मुलगी झाली होती, सासरी कुणाला ती नकोशी, आणि तिच्या मनात आलं होतं की ही धाकटीला द्यावी. आमच्या बाहेरच्या खोलीत बसून, सगळ्यांसमोर, तमिळमध्ये तिने ते बोलून दाखवलं. बाळ तिच्या मांडीवर झोपलं होतं, मूठ वळलेली. भावजयीने ते उचलून घेतलं, खांद्याशी धरून हलवलं, वास घेतला त्याच्या टाळूचा. मग बहिणीच्या मांडीवर परत ठेवून म्हणाली, "तुझी तुझ्याकडेच राहू दे. आमचं येईल." आणि लाजून आईकडे बघून हसली. आई कौतुकाने हसली.

भाऊ उठून बाहेर गेला. मी तिथेच बसून होते. एका वाक्याचं काम होतं, आणि ते वाक्य मी दवाखान्यात एकदा बोलून चुकलेही होते. मी बहिणीला कॉफी हवी का विचारलं. ती मुलगी पुढे बहिणीच्या दिराने कोइंबतूरला नेली.

त्यानंतरही मी वर्गात शिकवत राहिले. दोन मोठ्या मूळ संख्यांचा गुणाकार करणं सोपं, गुणाकारावरून त्या दोघी शोधून काढणं जवळजवळ अशक्य. म्हणून कुलूप भर चौकात उघडं ठेवलं तरी चालतं; लावावं कुणीही, उघडणारी किल्ली एकाकडेच. मुली विचारायच्या, मिस, पण ज्याच्याकडे किल्ली आहे तोच लबाड असला तर? मी म्हणायची, त्याला गणितात उत्तर नाही. मुली हसायच्या.

आणखी काही काळ गेला आणि वाट बघून थकलेली भावजय एक दिवस बहिणीला घेऊन, आम्हाला न सांगता, तिरुचीच्या एका मोठ्या डॉक्टरांकडे गेली. दुसऱ्या दिवशी दुपारी मी गच्चीवर वडाम, म्हणजे तांदळाच्या पिठाचे सांडगे, वाळत घालत होते. ती वर आली, माझ्याशेजारी उकिडवी बसली आणि पिठाच्या भांड्यात हात घालून मला मदत करायला लागली. मग बोलली. आमच्या मराठीत. उच्चार तमिळ, पण वाक्यं आईची, हुबेहूब.

"अक्का, एक सांगते, रागावू नका. तुमची भाषा मला कळते. लग्नानंतर हळूहळू कळायला लागली. सांगायची लाज वाटली. अत्तै काय काय बोलत, मला कळते म्हणून समजले तर त्यांनाच वाईट वाटेल." सासूला ती अत्तै म्हणायची. "दवाखान्यात तुम्ही बोललात ते ऐकली. मग डॉक्टरीण भेटली म्हणून अत्तैना सांगिटली, तेही ऐकली. माझ्यासमोर सगळे गोडच बोलत. मला कळत नाही म्हणून समजून बोलतात तेच खरे, असे मनात धरून बसले. म्हणूनच माझ्या अक्काची मुलगी नको म्हटली."

तिने पिठाचा हात पदराला पुसला. तिरुचीच्या डॉक्टरांनी काय सांगितलं ते सांगितलं. दोन्हीकडे नळी नाही. दवाखान्यातल्या त्या दिवसापासूनच नव्हती. मी बोलायला तोंड उघडलं, आणि तिने माझ्या दंडावर हात ठेवला.

"त्या डॉक्टरीणने तुम्हालाही खोटेच सांगिटले, अक्का. तुम्ही किती खूष झाला होतात त्या दिवशी. पावम तुम्ही." तिचे डोळे भरून आले होते, आणि ते माझ्यासाठी भरले होते. "अत्तैना तुम्हीच हळू सांगा. आणि मी इतकी वर्षं चोरून ऐकत राहिले, ते माझे चुकले. मला माफ करा."

ऊन चढलं होतं. खाली आई कुणाशी तरी बोलत होती. भावजय माझ्या तोंडाकडे बघत थांबली होती.

"असू दे," मी म्हटलं. "मी रागावले नाही."