बारशाला आलेले नागडे पाहुणे

माझ्या नातीच्या बारशाला आठ-दहा नागडे रशियन आले होते. आमंत्रण माझ्याच हातून गेलं.

साल अठ्ठ्याऐंशी असेल. आम्ही अमेरिकेत, रेडमंडला राहायचो. बाहेर पाऊस, घरात भरदुपारी अंधार. सुनेच्या आईला, म्हणजे विहीणबाईंना, व्हिसा उशिरा मिळाला आणि बारसं हुकलं. त्यांच्यासाठी माझ्या मुलाने, सुधीरने, व्हिडिओ कॅसेट करून ठेवली होती. ती एकच. मी ती रोज बघायचे. तिच्या कडेला एक भोक दिसलं. धूळ जाईल म्हणून मी त्यावर चिकटपट्टी लावली (लोणच्याच्या बरणीचं तोंड बांधतात, तशी घट्ट!).

विहीणबाई यायच्या त्या सकाळी टीव्हीखालच्या व्हिडिओ मशिनमध्ये कसलीशी कोरी कॅसेट होती. ती काढून मी बारसं लावलं. आत्या नाव सांगायला वाकली, तोच इकडे घरात नात रडली. कॅसेट आत तशीच ठेवून बंद केलं.

दुपारी सुधीर आणि सून विमानतळावर गेले. घरात मी आणि झोपलेली नात. टीव्ही बंद. आणि मशिन आपलं आपण बोललं, "खट्!" तांबडा डोळा उघडला. आत काहीतरी घरघरायला लागलं, म्हाताऱ्याच्या छातीसारखं. मी हातसुद्धा लावला नव्हता! नात झोपेत हसली, तेही मशिनकडे तोंड करून. मी उठले आणि मीठमोहऱ्यांनी मशिनची दृष्ट काढली. तासाभराने "खट्!" आणि गप्प. गुण आला!

विहीणबाईंनी आल्या आल्या चहासुद्धा नाकारला. "आधी बारसं दाखवा."

लावलं. बायका पाळणा म्हणतायत, आत्या वाकली, आता नाव सांगणार... आणि पडद्यावर धुकं पसरलं. धुक्यातून माणसं आली. अंगावर सूत नाही! म्हातारे, म्हाताऱ्या, पांढरेफटक, बर्फातून तळ्याकडे चाललेले. कोणी बोलत नव्हतं. त्यातली एक बाई थांबली, वळली आणि आमच्या सोफ्याकडे बघत राहिली.

"मेलेत का रे हे?" मी विचारलं.

"आई, रशियन आहेत," सुधीर पुटपुटला. "कपडे न घालता राहतात. डॉक्युमेंटरी होती, मी टायमर लावलेला. मला वाटलं, शेतीबद्दल असेल."

पडद्यावर डोक्याला रुमाल बांधलेली म्हातारी काठावरून त्यांना ओरडायला लागली. (भाषा परकी, शिव्या घरच्या!)

"बरोबर बोलतेय बाई," विहीणबाई म्हणाल्या आणि डोळ्यांना पदर लावला. "पण माझ्या नातीचं नाव कुठे गेलं?"

सुधीरने कॅसेट बाहेर काढली. "हिच्यावर रेकॉर्ड होऊच शकत नाही! पुसली जाऊ नये म्हणून मी इथला तुकडा मुद्दाम मोडला होता. भोकावर पट्टी कोणी लावली?"

सगळे वळले आणि माझ्याकडे बघत राहिले. त्या बाईसारखेच.

"भुताने," मी म्हणाले.

खोटं नाही बोलले. त्या घरात भूत होतंच. चौथी पास होतं.