मेलेल्या बाईचा चहा

मी कथेत आईला मारलं, आणि ती कथा दिवाळी अंकात छापून आल्यावर हौसेने आईलाच वाचायला दिली.

कथेतली आई शिलाई मशीनवर खोकत खोकत मुलाला शिकवते आणि शेवटच्या पानावर "बाळा, जेवलास का?" असं विचारून डोळे मिटते. माझी आई ठणठणीत आहे, आणि तिने मला आजवर 'गधड्या'खेरीज हाक मारलेली नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी चहा मागितला. पेपरातून मान वर न करता ती म्हणाली, "मेलेली बाई चहा कसा करणार?"

हा सूड आठवडाभर चालला. स्वतःच करपवलेली पोळी चावताना माझ्या डोक्यात आलं, की पुस्तकांतल्या आणि सिनेमातल्या आया झिजतात, वाट पाहतात, मरतात. रुसून बसायला त्यांना कुणी सवडच देत नाही. आम्हा मुलांना तेच सोयीचं.

आठव्या दिवशी मी शरण गेलो. "चुकलो, आई. पुढच्या कथेत तुला जिवंत ठेवतो."

"मारलंस त्याचं काही नाही रे, गधड्या," आई म्हणाली. "पण मरतानासुद्धा मी तुझ्या जेवणाची चौकशी करेन, एवढी बावळट वाटले तुला?"