बेटांच्या फेरीला बँड

मी इंजिन बंद केलं आणि मागे वळून पाहिलं. मागची बोट नव्हती.

बोट सोडा, पाणीही दिसत नव्हतं. लाँचच्या बाहेर हात लांब केला तर माझाच पंजा मला धुरकट दिसत होता. कोयनेच्या जलाशयावर हिवाळ्यात सकाळी असं धुकं धरतं. तीन बाजूंना डोंगर आणि मध्ये पाणी. एकदा धुकं खोऱ्यात शिरलं की ऊन चढेपर्यंत ते हलत नाही. पण एवढं दाट धुकं मी तापोळ्याला आल्यापासून पाहिलं नव्हतं.

मी लष्करात इंजिनिअर्समध्ये हवालदार होतो. नदीवर पूल टाकताना माणसं आणि सामान वाहणाऱ्या बोटी असतात, त्या चालवायचो. नव्वद सालानंतर पेन्शन घेऊन जावळीत गावी आलो, तेव्हा महाबळेश्वरचे पर्यटक घाट उतरून तापोळ्याला यायला लागले होते. तिथल्या एका खाजगी बोट क्लबात मी लाँच ड्रायव्हर म्हणून लागलो. आमची मुख्य ट्रिप म्हणजे बेटांची फेरी. धरणाचं पाणी चढलं तेव्हा खोऱ्यातल्या छोट्या टेकड्यांचे माथे तेवढे वर राहिले. तीच ही बेटं. त्यांच्यामधून वळणं घेत जायचं, एका बेटावर उतरून चहा प्यायचा आणि परत यायचं. काम निवांत.

एकच गोष्ट निवांत नव्हती, ती म्हणजे खुंट. पाण्याखाली गेलेल्या झाडांची खोडं बेटांच्या उतारावर अजून उभी आहेत. माघात पाणी उतरायला लागलं की ती वीतभर पाण्याखाली येतात. वरून दिसत नाहीत. लहान बोटीला खालून भोक पाडायला एक खुंट पुरतो. उजेडात सगळ्या जागा आम्हाला पाठ होत्या. धुक्यात त्या पाठांतराचा काही उपयोग नाही.

म्हणून सकाळी धक्क्यावर मी आमच्या मॅनेजरना, देशमाने साहेबांना, सांगितलं होतं, "साहेब, जरा थांबू. धुकं चढतंय."

"कदम, दहा मिनिटांत उठतं ते. पुढच्या बॅचचे लोक येऊन बसलेत. निघा तुम्ही."

आम्ही निघालो. पुढे माझी मोठी लाँच, मागे सोपानची छोटी बोट, तिला मागच्या बाजूला पेट्रोलचं मशीन. सोपान पंचविशीचा, हात चांगला होता, पण धुक्याची सवय नव्हती. त्याच्या बोटीत सांगलीच्या निवृत्त शिक्षिकांचा ग्रुप होता. त्यांच्या पुढारी जोगबाई. धक्क्यावरच त्यांनी सगळ्या मैत्रिणींना रांगेत उभं करून लाईफ जॅकेटच्या पट्ट्या ओढून तपासल्या होत्या. हे काम माझं, पण मला मध्ये बोलायची हिंमत झाली नाही.

माझ्या लाँचमध्ये इस्लामपूरची एक बँड पार्टी होती. आदल्या दिवशी मेढ्याला लग्न वाजवलेलं, आज मुहूर्त नाही, म्हणून बँडमास्तर बाबालाल मुलाणी सगळ्यांना फिरायला घेऊन आले होते. सोबत बायका आणि मास्तरांची म्हातारी आई. तिला सगळे अम्मा म्हणत. थंडी होती म्हणून वादकांनी बँडचे लाल, सोनेरी फितीचे कोट घातले होते आणि त्यावर नारिंगी लाईफ जॅकेट. वाद्यंसुद्धा बरोबर होती.

"गाडीत ठेवा की ती," मी म्हटलं होतं.

"गाडीची काच फुटलीया, हवालदार," मास्तर म्हणाले. "आन् वाद्यं आमी एकटी सोडत न्हाई. आमचं प्वाट हाय त्यात."

तेव्हा ढोल, ट्रंपेट, क्लॅरिनेट आणि एक पितळी कर्णा माणसांसारखे बाकावर बसून फेरीला आले.

आता सगळे माझ्याकडे बघत होते.

"काय झालं वो?" मास्तरांनी विचारलं.

"काही नाही. मागची बोट येईपर्यंत थांबू." मी नांगर टाकला. धुक्यात पहिला नियम हा, की आपण हलायचं नाही. दोघं एकमेकांना शोधायला निघाले की दोघंही हरवतात.

मग मी हॉर्न दिला. लांबलचक. थोड्या वेळानं लांबून सोपानच्या मशीनचा आवाज आला. बरं वाटलं. पण तो आवाज जवळ यायच्या ऐवजी बारीक होत चालला. हॉर्नचा आवाज डोंगरावर आपटून परत येत होता आणि पोरगा त्या परत आलेल्या आवाजाच्या मागे चालला होता. त्या बाजूला एक उतरतं बेट होतं, त्याला खुंटांचं रान होतं.

मी दोन्ही हात तोंडाशी धरून ओरडलो, "सोपान! मशीन बंद कर!"

मशीन बंद झालं. मग त्याचा आवाज आला, रडवेला. "कदममामा, तुमी कुटं हाय? हितं तीन कदममामा बोलत्यात!"

आमच्या लाँचमध्ये कुणीतरी फिसकन हसलं. मास्तरांनी डोळे वटारले.

"हवालदार, आमी वाजवू का?" ते म्हणाले. "आमचा आवाज तुमच्या हॉर्नापेक्षा मोठा हाय."

मी म्हटलं, वाजवा. झालं. सगळ्यांनी एकदम वरातीचा बार उडवला. एका मिनिटात खोऱ्यात चार बँड वाजायला लागले. प्रत्येक डोंगर आपापली वरात काढत होता. मी हात हलवून थांबवलं. लांबून जोगबाईंचा खणखणीत आवाज आला, "अहो, छान आहे, पण दिशा कळत नाही!"

वादकांच्या बायकांनी पदर घट्ट ओढून घेतले. ढोलवाला रज्जाक जाडजूड गडी, तो ढोल बाजूला ठेवायला उठला. त्या भरात टिपरू ढोलावर पडलं. धाड्! एकच ठोका. आणि मग लांबून, मऊ, धड... धड.

मास्तरांनी हात वर केला. मीही केला. दोघांना एकदमच कळलं.

समजायला सोपं आहे. हॉर्न लांबलचक असतो, त्यामुळे खरा आवाज आणि डोंगरावरून आलेला आवाज एकमेकांत मिसळतात. ठोका तुटक असतो. खरा आधी पोचतो आणि टणक लागतो. डोंगराचा मागून येतो, मऊ. मध्ये शांतता ठेवली तर कानाला फरक कळतो. लष्करात आम्हाला धुक्यात घंटा थांबून थांबून वाजवायला शिकवलं होतं. घाबरल्यावर मला नेमकी तीच गोष्ट आठवली नव्हती.

"सोपान!" मी ओरडलो. "ढोल ऐक! पहिला ठोका आमचा, मागचे डोंगराचे! मशीन लावू नको, वल्हं मार!"

वल्हं मारायला सांगायचं कारण दुहेरी. मशीन बंद असलं की ऐकू येतं. आणि खुंट लागलाच तर हळू लागतो.

रज्जाकनं ठोका दिला. थांबला. मास्तर त्याच्यापुढे उभे राहून हातानं इशारा करत होते. हात खाली आला की ठोका, वर असेपर्यंत कुणी खोकायचंसुद्धा नाही. अम्मा तेवढ्या ओठातल्या ओठात दुवा मागत होत्या.

समोरून जोगबाई ऐकू येत होत्या. "डावीकडे, सोपान! अरे, तुझ्या डावीकडे!"

त्या बोटीत काय चाललं होतं ते आम्हाला नंतर कळलं. बाईंनी सगळ्यांना डोळे मिटायला लावले होते. ठोका पडला की जिकडून पहिला आवाज आला तिकडे हात करायचा. मग बाईंनी एकटीनं डोळे उघडून बघायचं, जास्त हात कुठे आहेत, आणि सोपानला सांगायचं. गणिताच्या बाई होत्या त्या. एका मैत्रिणीचा हात दर वेळी उलट्या दिशेला जायचा. तिला बाईंनी तिसऱ्या ठोक्यानंतर मतदानातून वगळलं.

वल्ह्याचा आवाज जवळ यायला लागला. आणि एकदम करकर करकर, लाकडावर काहीतरी घासल्याचा आवाज. मग काहीच नाही.

रज्जाकचं टिपरू हवेतच राहिलं.

"घासलं फक्त!" जोगबाई ओरडल्या. "पाणी आत आलेलं नाही! तुम्ही थांबू नका, वाजवा!"

रज्जाकनं असा ठोका दिला की ढोलाचं कातडं फाटतंय असं वाटलं. आणखी काही ठोके. मग धुक्यात आधी एक पिवळी शाल दिसली, मग सोपानचं घामेजलेलं तोंड. मी दोर फेकला. त्यानं तो झेलला आणि छातीशी धरून ठेवला, बांधायचं विसरला.

"बांध की रं!" मी म्हटलं.

"व्हय, व्हय," म्हणाला आणि हसायला लागला. मग सगळेच हसायला लागले. अम्मांनी वाकून समोरच्या बोटीतल्या पहिल्या बाईचा गाल कुरवाळला. कोण, कुठली, ओळख नाही.

थोड्या वेळानं धुक्याला वरून भोक पडल्यासारखं झालं, त्यातून ऊन आलं. मग एकेक बेट वर यायला लागलं. आधी झाडांचे शेंडे, मग हिरवा माथा, मग लाल मातीची कड. पाणी इतकं स्थिर की प्रत्येक बेट दोनदा दिसत होतं. मी ती बेटं रोज बघायचो, पण त्या दिवशी पर्यटकासारखा तोंड उघडं टाकून बघत बसलो.

आमचं चहाचं बेट अगदी समोरच होतं. तिथे उतरल्यावर जोगबाई मास्तरांपुढे जाऊन उभ्या राहिल्या.

"मगाशी अर्धवट थांबवलं ते आता पूर्ण वाजवा."

"वरातीचं हाय ते, बाई."

"मग? आम्ही काय वरातीत नाचलो नाही?"

मास्तरांनी क्लॅरिनेट ओठाला लावलं. सांगलीच्या बाया आणि इस्लामपूरच्या बाया मिळून फुगड्या घालायला लागल्या. गुळाच्या पोळ्या इकडून तिकडे गेल्या, अंडा पोळी तिकडून इकडे आली. ज्या बाई अंडं खात नव्हत्या त्यांना अम्मांनी स्वतःच्या डब्यातली शेंगदाण्याची चटणी दिली. सोपानला दोन्ही बाजूंनी एवढं वाढलं की त्याला बोलता येईना. मी बोटीखाली हात घालून पाहिलं. रंग खरवडला होता, बाकी काही नाही. मग मीही जेवलो. फुगडी मात्र घातली नाही. पुष्कळ आग्रह झाला.

परत येताना बँड वाजतच होता. धक्क्यावर देशमाने साहेब उभे. त्यांचा चेहरा उतरलेला, आणि मागे पुढच्या फेरीच्या पर्यटकांची गर्दी.

"काय चाललंय हे, कदम? मला वाटलं बोट बुडाली. आणि तुम्ही बँड वाजवत येताय?"

मी घडलं ते सांगितलं. लपवलं नाही, वाढवलंही नाही. शेवटी म्हटलं, "साहेब, उद्यापासून समोरचा काठ दिसल्याशिवाय बोट सुटणार न्हाई. बॅच कितीही बसलेली असू दे."

साहेब काही बोलायच्या आत मागून एक पर्यटक म्हणाला, "आम्हाला बँडवाली बोट पाहिजे."

साहेबांनी माझ्याकडे बघितलं, मग मास्तरांकडे. "रविवारी रिकामे आहात का हो तुम्ही?"

"न्हाई वो साहेब," मास्तर म्हणाले. "लग्नसराई हाय. आन् या बाईंच्या भाच्याचं लगीन आमीच वाजवणार. ठरलं आता बेटावर."

काठ दिसल्याशिवाय बोट सोडायची नाही, हा नियम साहेबांनी त्याच आठवड्यात फळ्यावर लिहून लावला. शिवाय प्रत्येक बोटीत एक हलगी ठेवली. मी तिथे होतो तोपर्यंत ती धुक्यासाठी एकदाही वाजवावी लागली नाही, कारण धुक्यात आम्ही निघालोच नाही. पर्यटक मात्र ती रोज बडवायचे, आणि सोपान त्यांना फुकटचा ताल शिकवायचा.

नवीन ड्रायव्हर आला की मी त्याला एवढंच सांगायचो. कुणी हरवलं तर हॉर्न दाबून धरू नको. त्यानं आपल्याला काहीतरी केल्यासारखं वाटतं, समोरच्याला काही कळत नाही. एकदा आवाज दे आणि गप्प बसून ऐक. यातलं पहिलं सगळ्यांना जमतं.