व साथी

फुजैराच्या समुद्रात नांगर टाकून उभ्या असलेल्या बोटींना मी भाजी, मांस, तांदूळ, साबण, दोरखंड, जे लागेल ते पुरवायचो. शारजात हमाल म्हणून आलो होतो. नव्वदच्या दशकाच्या मध्यापर्यंत फुजैरात माझं स्वतःचं गोडाऊन होतं, दोन पिकअप होत्या. तरी गावातल्या पंधरा-सोळा मराठी घरांत मी 'तो भाजीवाला'च होतो. याचा मला राग होता, आणि तो राग अगदीच खोटा होता असं मी आजही म्हणणार नाही. पण त्या रागात मी एका बाईंशी जे वागलो, ते सांगायला मला इतकी वर्षं लागली. नावं कुठलीच लिहिणार नाही. का, ते पुढे कळेल.

या बाईंचे यजमान तेलाच्या टर्मिनलवर साहेब होते. बाईंना सगळे वहिनी म्हणायचे. शुक्रवारी सकाळी त्या आमच्या मराठी मंडळाच्या मुलांना घरी मराठी गाणी शिकवायच्या. माझी दहा वर्षांची मुलगी तिथे जायची. मी बाहेर पिकअपमध्ये एसी लावून बसायचो आणि बोटींचे फोन घ्यायचो. मधेच काच खाली केली की वहिनींचा आवाज यायचा. ओळ उचलण्याआधी त्या किंचित थांबायच्या, जड काही उचलताना माणूस थांबतो तसं.

महाराष्ट्र दिनाच्या कार्यक्रमात माझ्या मुलीला दोन ओळी एकटीने म्हणायच्या होत्या. पंधरा दिवस आधी वहिनींनी तिला काढून मागच्या ओळीत कोरसला उभं केलं. ती गाडीत बसली ती रडतच.

"काय झालं?"

"आय कान्ट से इट, बाबा. पानी. शी वॉन्ट्स मी टू से इट सम अदर वे."

ओळींत 'पाणी' होतं. मुलीच्या तोंडून 'पानी' येत होतं. सगळ्यांना वाटलं, इथली पोरं, हिंदी ऐकून बिघडली. मला खरं कारण ठाऊक होतं. मी तापीकाठचा. आमच्याकडे लोणी नाही, लोनी. कोणी नाही, कोनी. मुलीने पानी हिंदीतून नाही, माझ्याकडून घेतलं होतं. म्हणजे पोरीला मागे ढकललं नव्हतं, मला ढकललं होतं. निदान मी तसं धरलं.

त्याच संध्याकाळी त्यांच्या घरी गेलो. साहेब सोफ्यावर पेपर वाचत होते.

"वहिनी, पोरीला मागं का टाकलं?"

"टाकलं नाही हो, भाऊ. तिचा ण लागत नाहीये. लागला की पुढे घेते."

"एका णसाठी?"

"लोक तेवढाच ऐकतात," वहिनी म्हणाल्या.

मी म्हटलं, एक ओळ द्या, एक दुसऱ्या मुलीला द्या. नाही म्हणाल्या. मग म्हटलं, शब्द बदला, पाण्याऐवजी दुसरं काहीतरी घाला. तेव्हा साहेबांनी पेपर खाली केला. "शेठ, हे काय कांद्याचं पोतं आहे? थोडं तुमचं, थोडं आमचं करायला?"

माझं डोकं फिरलं. ते दिसलं असावं, कारण वहिनी घाईने बोलल्या, "कोरसमध्ये गाणं कमीपणाचं नसतं, भाऊ. मीही गायलेय. मुंबईत टीव्ही नवा होता ना, तेव्हा खास टीव्हीसाठी एक संगीतिका बसवली होती. त्यात मी कोरसला होते, आणि चार ओळी एकटीच्या होत्या. त्याची रेकॉर्डसुद्धा निघाली."

"झालं सुरू," साहेब म्हणाले. "लग्न झाल्यापासून ऐकतोय. कार्यक्रम दोनदा दाखवला म्हणे, मग टेप पुसून तिच्यावर दुसरं काही घेतलं म्हणे. आणि ती रेकॉर्ड माझ्या तरी बापजन्मात दिसली नाही."

वहिनी हसल्या आणि चहा आणायला आत गेल्या. मी चहा न घेता निघालो. डोक्यात एकच धरून निघालो: ही बाई थाप मारते आणि माझ्या पोरीच्या उच्चारांत खोड काढते.

पुढच्याच आठवड्यात मला कामासाठी मुंबईला जायचं होतं. संगीतिकेचं नाव मुलीला माहीत होतं, वहिनींनी वर्गात सांगितलं होतं. त्यांचं माहेरचं नाव मी बायकोकडून बेमालूम काढून घेतलं. मुंबईत दोन दिवस जुन्या रेकॉर्डची दुकानं पालथी घातली. तिसऱ्या दिवशी एका जिन्याखालच्या दुकानात ती मिळाली. कव्हरवर काळापांढरा फोटो: पुठ्ठ्याची विहीर, रंगवलेलं झाड, घागर घेतलेल्या चार मुली. पायाशी कसल्याशा वायरी पडलेल्या, त्या लपवायचंही कुणाला सुचलं नव्हतं. दुकानदाराला वास लागला की गिऱ्हाईक हेच शोधत होतं. त्याने वाटेल ती किंमत सांगितली. मी कव्हरची फाटलेली कड दाखवली, दोनदा नको म्हणून बाहेर पडलो, शेवटी निम्म्याला घेतली.

मागे बारीक अक्षरांत गायकांची नावं होती. माहेरचं नाव शोधलं. मग सासरचं. नव्हतं. यादीच्या शेवटी होतं, 'व साथी'.

त्या जिन्याखाली मी एकटाच मोठ्याने हसलो.

महाराष्ट्र दिनाच्या कार्यक्रमाचं जेवण माझ्याकडून होतं, म्हणून मला माइकवर दोन मिनिटं दिली होती. हॉल भरला होता. वहिनी स्टेजच्या बाजूला हार्मोनियमपाशी, मुलं त्यांच्यामागे. मी पिशवीतून रेकॉर्ड काढली. म्हटलं, वहिनींसाठी मुंबईहून भेट आणली आहे. लोकांनी टाळ्या वाजवल्या. वहिनी उठून उभ्या राहिल्या. त्यांचा चेहरा एकदम तरुण झाला होता. ते मी पाहिलं, आणि तरीही थांबलो नाही.

कव्हरवरची नावं एकेक करून मोठ्याने वाचली. शेवटी म्हटलं, "वहिनी, यातलं तुमचं कुठलं? 'व' की 'साथी'?"

हॉल हसला. सगळ्यात मोठ्याने साहेब हसले.

"साथी," वहिनी म्हणाल्या. "तेच माझं." मग खाली बसल्या आणि मुलांना सूर दिला. गाणं झालं. माझी मुलगी मागच्या ओळीत तोंड मिटून उभी होती.

घरी येताना मी गाडीत बायकोला सांगत होतो की एकेकाला त्याची जागा दाखवावी लागते. मागून मुलगी म्हणाली, "यू डिडन्ट इव्हन प्ले इट, बाबा."

"काय?"

"द रेकॉर्ड. यू ओन्ली रेड द कव्हर."

बोटीवर माल चढण्याआधी मी प्रत्येक पेटी स्वतः उघडतो. पेटीवर काय छापलंय यावर मी आयुष्यात कधी पैसा मोजला नाही. फुजैरात हे सगळ्यांना माहीत होतं, माझ्या पोरीलाही.

पुढच्या शुक्रवारी वर्ग झाला नाही. घसा बसलाय, असा निरोप आला. त्याच्या पुढच्याही शुक्रवारी तोच निरोप.

मी शारजात जुन्या सामानाच्या दुकानातून एक रेकॉर्ड प्लेअर आणला. दुकानदार पठाण होता. तो म्हणाला, "तीन सौ दिरहम, हबीबी, आखिरी." तीनशे दिरहम म्हणजे तेव्हाचे जवळजवळ तीन हजार रुपये. मी काही न बोलता दिले तर तोच गडबडला आणि सुईची एक डबी वर फुकट दिली. दुपारी गोडाऊनच्या ऑफिसात दार लावून रेकॉर्ड लावली. पहिल्या बाजूला काही नाही. दुसऱ्या बाजूच्या तिसऱ्या गाण्यात विहिरीवरच्या मुलींचा घोळका गातो, मग तो थांबतो. एक क्षण शांतता. आणि एक कोवळा आवाज ओळ उचलतो. ती शांतता ऐकूनच मी ओळखलं. ती मी कितीतरी शुक्रवार ऐकली होती.

पण मी खुर्चीवरून उठलो ते वेगळ्याच गोष्टीने. ती मुलगी 'पाणी' म्हणत नव्हती. 'पानी' म्हणत होती. ओढूनताणून केलेलं नव्हतं ते. माझी आई म्हणायची तसं.

चार ओळी होत्या. मी त्या किती वेळा लावल्या कोण जाणे.

दुसऱ्या दिवशी साहेब ड्यूटीवर असताना बायकोला घेऊन वहिनींकडे गेलो. प्लेअर, रेकॉर्ड, सगळं उचलून नेलं. माफी मागायचे शब्द जुळवले होते, ते काही आले नाहीत. सरळ सुई ठेवली. वहिनी हातातली परात घेऊनच उभ्या होत्या. चौथी ओळ संपली तेव्हा म्हणाल्या, "बंद करा, भाऊ."

मी बंद केलं.

"तुम्ही कुठले?" त्यांनी विचारलं. इतक्या वर्षांत फुजैरात मला हे कुणी विचारलं नव्हतं.

"तापीकाठचा. यावलकडचा."

"मी मलकापूरची." त्या बसल्या. "टीव्हीवाल्यांना विहिरीवरची पोरगी पाहिजे होती. म्हणाले, ही बोलतेच अशी, हिलाच उभी करा. बाकीच्या मुली तोंडाला पदर लावून हसत होत्या. चार ओळी झाल्या. पुढच्या कामाला बोलावलंच नाही. हिला ण नाही, म्हणे. मग मी आरशासमोर बसून ण शिकले. दोन वर्षं. तोवर लग्न ठरलं."

"साहेबांना...?"

"त्यांना काय, सासरी कुणालाच माहीत नाही. त्यांनी मला पाहिलं तेव्हा माझा ण पक्का होता." मग माझ्या बायकोकडे बघून म्हणाल्या, "तुमच्या पोरीला मी उगाच नाही हो मागे ठेवलं. तिला कुणी हसायला नको, एवढंच होतं."

मी म्हटलं, उद्याच मंडळाची बैठक आहे, सगळ्यांसमोर ही लावतो आणि सगळ्यांसमोर तुमची माफी मागतो.

"लावायची नाही," त्या एकदम म्हणाल्या. "तुम्ही ह्यांना ओळखत नाही. उद्यापासून मरेपर्यंत रोज जेवताना मला 'पानी दे' म्हणतील. त्यापेक्षा खोटारडी म्हणू देत." मी रेकॉर्ड पुढे केली. त्यांनी कव्हरवरून एकदा हात फिरवला, फोटोतल्या डावीकडून दुसऱ्या मुलीवर बोट ठेवलं, आणि परत दिली. "घरात कुठे ठेवू? तुमच्याकडेच राहू दे."

आयुष्यभर मी दुसऱ्याला कोपऱ्यात गाठून भाव पाडले. त्या दिवशी मी स्वतः कोपऱ्यात होतो. ऐकवावी तर त्यांचं झाकलेलं उघडं पडणार. न ऐकवावी तर मी केलेला अपमान तसाच राहणार.

बैठकीत उठून उभा राहिलो. "मी रेकॉर्ड ऐकली. त्या चार ओळींचा आवाज वहिनींचाच आहे. माझं चुकलं."

साहेब म्हणाले, "मग लावा की, शेठ! आम्हालाही ऐकू दे."

"फुटली," मी म्हणालो.

"फुटली? तुमच्या हातून?" एकजण ओरडला. "अहो, ह्यांच्याकडची अंडी फुटत नाहीत बोटीवर चढताना!"

हसण्याची लाट आली. कुणीही माझ्यावर विश्वास ठेवला नाही. वहिनी कोपऱ्यात कपांत चहा ओतत होत्या. त्यांनी मान वर केली नाही.

बैठक सुटल्यावर साहेबांनी माझ्या खांद्यावर हात टाकून मला बाजूला घेतलं. पहिल्यांदाच. "शेठ, मानलं तुम्हाला," ते हळू आवाजात म्हणाले. "बायको खोटं बोलते हे मला माहीत आहे, सगळ्यांनाच माहीत आहे. पण तुम्ही तिची लाज राखलीत. याला मोठं मन लागतं."

'साहेब, ती खरं बोलते' हे शब्द माझ्या जिभेवर होते. बोललो असतो तर ते म्हणाले असते, मग दाखवा. मी नुसती मान हलवली.

ही गोष्ट आठवड्याभरात सगळ्या घरांत पोचली. भाजीवाला दिलदार निघाला, झालं गेलं पोटात घातलं, वहिनींचं खोटं स्वतःवर घेतलं. जी दारं मला दहा वर्षं उघडत नव्हती तिथून जेवणाची आमंत्रणं यायला लागली. पुढच्या वर्षी मंडळाचा अध्यक्ष म्हणून साहेबांनीच माझं नाव सुचवलं. हात वर करा म्हटल्यावर सगळ्यांनी हात वर केले. वहिनींनीही केला. मी उठलो, सगळ्यांना नमस्कार केला आणि अध्यक्ष झालो.