यमुनेतली होडी आणि आबांचा चहा

हे मी नवऱ्यालाही सांगितलेलं नाही. तुम्हाला का सांगतेय? तुम्ही माझ्या वडिलांना, आबांना पाहिलेलं नाही — म्हणून असेल.

पण आधी चांगलं सांगू दे. त्याशिवाय पुढचं सांगायचा धीर यायचा नाही.

दिल्लीच्या वरच्या अंगाला, जिथे यमुनेला अजून नदी म्हणावंसं वाटतं, तिथे काठावर एक लाकडी होडी उपडी पडून होती. रुंद बुडाची, थोराड. पूल नव्हता तेव्हा हिच्यातून भाजी, म्हशी, वऱ्हाडं पलीकडे जायची. ती वल्हवणारे बिरजू चाचा सांगायचे, एकदा एवढी गर्दी झाली की नवरदेव पोचला आणि नवरी याच काठावर राहिली! मग पूल झाला. होडीच्या सावलीला बकऱ्या बसू लागल्या.

जोशी वहिनींच्या ग्रुपनं ती दुरुस्त करायला घेतली. वहिनी द्वारकेला आमच्याच सोसायटीतल्या. माझा नवरा ड्रायव्हर, मी आठवीत शाळा सोडलेली — इथे मला कोण विचारत होतं? वहिनींनी विचारलं. डब्यांची कामं मिळवून दिली, हिंदीत भांडायला शिकवलं. होडीवर काम करणाऱ्यांचे डबेही मीच न्यायचे. पहिला घास कुणी घेईपर्यंत माझा जीव खालीवर. मीठ जास्त झालं का? पोळ्या वातड झाल्या का?

सुतार फर्निचरवाले होते. काम सुंदर केलं, कपाटासारखं. बिरजू चाचांची नजर गेलेली, ते नुसता हात फिरवून म्हणायचे, "चिकनी तो बहुत है." होडी पाण्यात ढकलली — आणि सांध्यासांध्यातून पाणी आत. सगळ्यांची तोंडं उतरली. मुख्य सुतार म्हणाला, सगळ्या फटी केमिकलनं भरून टाकू. वहिनींनी डोळ्याला पदर लावला.

मी डबे गोळा करत होते. तोंडातून निघून गेलं, "बुडवा तिला."

"पागल हो क्या, भाभी?" सुतार हसला. "खाना ठीक बनाती हो, वही बनाओ."

पण आता थांबवेना. मी सांगितलं — मोडक्यातोडक्या हिंदीत, हात नाचवत — इतकी वर्षं उन्हात पडलेलं लाकूड, ते आकसलंय. फटी कडक मसाल्यानं भरल्या तर लाकूड फुगल्यावर मसाला फुटून बाहेर येईल. सांध्यात तेलातला कापूस ठोका, दगड भरा, काठाशी बुडवून ठेवा. लाकडाला पोटभर पाणी पिऊ द्या. तेच फुगून फटी मिटवेल. आमच्या खाडीत पावसाळ्यात होड्या वर ओढलेल्या असतात. पाऊस सरला की आबा दरवर्षी असंच करायचे.

बिरजू चाचा काठी टेकत पुढे आले. "किसकी बेटी है तू?"

दिल्लीत आल्यापासून मी सगळ्यांना सांगत आले होते, वडील बंदरखात्यात साहेब आहेत. वहिनी समोरच उभ्या होत्या.

"नाववाले की," मी म्हणाले. "तारी आहेत माझे वडील. तर चालवतात, होडीनं माणसं खाडीपलीकडे नेतात."

"तभी!" चाचांनी काठी आपटली. "डुबाओ रे!"

बुडवली. त्या दिवसांत मला झोप कसली? आणि मग एका सकाळी दगड काढले, पाणी उपसलं, सगळे आत वाकून बघत राहिले. थेंब नाही! सुतारानंच पहिली शिट्टी मारली. आम्ही पलीकडे गेलो. मागचं वल्हं चाचांनी माझ्या हातात दिलं, आणि माझ्या हातांना सगळं आठवलं — कुठे दाबायचं, कुठे सोडायचं. काठावरून लोक ओरडत होते. मी रडत होते, हसत होते. आयुष्यात एवढी ताठ मी कधी बसले नव्हते.

वहिनींनी मला मिठी मारली. "वेडी! बंदरखातं कशाला सांगायचं? केवढी अभिमानाची गोष्ट आहे गं! मग तुझ्याकडे आला होता तो म्हातारा — तो तुझ्या वडिलांच्या हाताखाली होता, ना? किती साधा माणूस."

"हो," मी म्हणाले.

त्या 'हो'साठी हे सगळं लिहितेय.

ते आबा होते.

होडीचं काम सुरू व्हायच्या आधी एकदा न कळवता आले होते, कोकम आणि फणसाचे पापड घेऊन. धोतर, खांद्यावर पिशवी. मी दार उघडलं. त्यांचा हात माझ्या डोक्याकडे येत होता, आणि आतून सोफ्यावरून वहिनींनी विचारलं, "कोण गं?"

"आबांच्या होडीवरचा माणूस."

हात खाली गेला. तेवढंच — जणू पिशवी ठेवायलाच उचलला होता. माझ्याकडे न बघता ते वहिनींना म्हणाले, "होय बाईनू, मी तेंच्याच होडयेर असतंय." आणि चपलांच्या स्टँडशेजारी जमिनीवर टेकले. मी वहिनींना कपबशीत चहा दिला. आबांना स्टीलच्या पेल्यात. पेला घेताना आबा म्हणाले, "बरा हा, बाईसाहेब."

त्यावर ते पुढे कधीच एक अक्षर बोलले नाहीत. होडी तरंगली त्या दिवशी मी फोन केला, तर त्यांनी विचारलं काय? "पाणी झिरापला?"

"नाय, आबा. थेंब नाय."

"मगे बरा केलंस गो, बाय."

पहिल्या वेळी मी घाबरले होते. पण दुसऱ्यांदा, त्या काठावर, कसली भीती होती? ऊन पडलं होतं. होडी कोरडी होती. तारीची मुलगी म्हणून लोक माझ्यासाठी टाळ्या वाजवत होते. वहिनींनी नुसतं विचारलं होतं — आणि मी हो म्हणाले.