वरून उघडणारी शेड

खिडकीचा विषय निघाला की गल्लीत पडदेमास्तरांशिवाय पान हलत नसे. कुणाला ऊन हवं पण झळ नको, कुणाला समोरची बाग बघायची पण बागेतल्यांनी आपल्याला बघायचं नाही. असल्या दोन दगडांवर पाय ठेवणाऱ्या गिऱ्हाइकांसाठी मास्तरांकडे नेमकी शेड, म्हणजे दोरीनं सरकणारा खिडकीचा पडदा, असे. टेप काढण्याआधी ते गिऱ्हाइकाला त्याच्या रोजच्या खुर्चीत बसवत. "खिडकी उभ्यानं बघायची नसते. माणूस जिथं बसतो, तिथून बघायची," हे ते अशा थाटात सांगत, जणू खुर्चीचा शोधही त्यांनीच लावला होता.

स्वतःच्या घरी मात्र दोन वर्षं खिडकीला जुनी चादर लटकत होती. बायको म्हणे, "अहो, आपल्यालाही एक शेड लावा की." मास्तर म्हणत, "या रविवारी नक्की." रविवार आले तसे गेले. शेवटी बाईंनीच दुकानातून शेड उचलून आणली, स्टुलावर चढल्या आणि खुब्याचं हाड मोडून खाली आल्या.

शेडवाल्याची बायको शेड लावताना पडली, हे बाहेर कळलं तर धंद्याची अब्रू काय राहणार? बायकोचं काय राहणार, हा फुटकळ प्रश्न मास्तरांनी डॉक्टरांवर सोपवला. दवाखान्यातून तिला भर दुपारी, गल्ली सामसूम असताना घरी आणलं आणि सगळीकडे सांगून टाकलं, की ती लेकीकडे गेलीय, चांगली तीन महिने राहणार आहे. झाकली मूठ सव्वालाखाची!

मग मात्र शेड तासाभरात लागली. तीही खास, वरून खाली उघडणारी. खालचा भाग बंद, वरचा उघडा. उजेड आत, गल्लीची नजर बाहेर. तीच शेड खालूनही उघडत असे, पण ती दोरी मास्तरांनी गाठ मारून बाईंच्या हाताबाहेर बांधून ठेवली.

बाई पलंगावर पडून विचारत, "एवढी वर्षं इथं राहिलो, कुणी चौकशीलाही फिरकलं कसं नाही हो?"

"जो तो आपल्या व्यापात," मास्तर म्हणत. हे ते बायकोकडे न बघता म्हणत, एवढी लाज मात्र त्यांनी शिल्लक ठेवली होती.

दोन महिने असेच गेले. एका सकाळी बाईंनी चहाचा कप बाजूला सारला.

"मला खिडकीतून काही दिसत नाही."

"उजेड येतो ना? वारा येतो ना? अजून काय हवं?"

"गिऱ्हाइकाला खुर्चीत बसवता ना? मग इथं आडवे व्हा."

गिऱ्हाइकांना सांगून सांगून गुळगुळीत झालेलं वाक्य पहिल्यांदाच घरी चालून आलं होतं. मास्तर कुरकुरत बायकोशेजारी आडवे झाले. समोरच्या गच्चीवरची पाण्याची टाकी दिसली. टाकीला एक गंजलेला पाइप होता. बराच वेळ पडून राहिले, तरी टाकी आणि पाइपच. एवढंच बघत ही दोन महिने पडून आहे, हे त्यांच्या ध्यानात आलं.

ते उठले, गाठ सोडली आणि शेड खालून सरसर वर ओढली.

समोरच्या बाल्कनीत शेजारीण कपडे वाळत घालत होती. तिनं वाकून पाहिलं आणि ओरडलीच, "अगंबाई, वहिनी! लेकीकडून कधी आलात? आणि झोपून का?"

बाईंनी शेजारणीकडे पाहिलं, मग नवऱ्याकडे. कुणी का फिरकलं नाही, ते त्यांना आता कळलं. मास्तरांचा हात सवयीनं दोरीकडे गेला.

"सोडा ती," बाई म्हणाल्या. मग खिडकीकडे तोंड करून त्यांनी आवाज चढवला, "कुठली लेक नि कुठलं काय! इथंच होते. वर या, सगळं सांगते."

शेजारीण हातातलं ओलं कापड तसंच टाकून निघाली. मास्तरांनी बाहेरच्या खोलीतून तिच्यासाठी खुर्ची आणली आणि उभ्या जन्मात कुणाला विचारलं नव्हतं ते विचारलं, "कुठं ठेवू?"

"जिथून मी दिसेन तिथं."