हक्कसोडीचा कागद घेऊन मेलबर्नला

"तिला उठवा."

माझे थोरले दीर, त्यांना आम्ही दादा म्हणतो, माझ्याशी थेट कधी बोलत नसत. जाऊबाईंकडं बघून बोलले. त्यांच्या मुलीच्या लग्नाची हळद होती, अवसरीत, दारातल्या मांडवात. मुहूर्ताची हळद दळायला पाच सवाष्णी जात्याशी बसलेल्या. चौथी मी. खुंट्यावर माझा हात होता.

"तिची पोरगी बघा आदी. केस कापून, प्यांट घालून फिरतीय. मला पोरगी म्हनू नका म्हनती. असल्या पोटाच्या बाईचा हात लागल्याली हळद माझ्या लेकीला नको."

एकीनं हळूच माझा हात खुंट्यावरून काढला.

आणि मी काय केलं? मोठी शहाणी मी. उठले, पदर सारखा केला आणि मांडवाच्या कोपऱ्यात उभ्या असलेल्या माझ्याच लेकराच्या थोबाडीत मारली. चारचौघांत. वर दादांकडं बघितलं, शाबासकी मिळते का म्हणून. मिळाली नाही. मग लसूण सोलायला बसले. पन्नाशीला आलेली बाई, अक्कल लसणाच्या पाकळीएवढी.

त्या लेकराला तेव्हा सगळे माझी मुलगी म्हणत. मीही. तो मात्र कळायला लागल्यापासून सांगत होता की मी मुलगा आहे. मी म्हणायची, ट्रॅक्टर चालवून डोकं तापलंय, ताक पी.

लग्नानंतर आठवड्यानं तो घर सोडून गेला. बारा वर्षं मी शोधलं नाही. कुणी विचारलं तर "बाहेर शिकायला आहे" म्हणायचं. मालक वारले तरी कळवलं नाही. पत्ता नव्हता, हे खरं. पण पत्ता काढायला मी भ्याले, हे जास्त खरं.

मग हायवेला लागून असलेली एकत्रातली जमीन दादांनी विकायला काढली. सात-बाऱ्यावर मालकांच्या मागं दोन नावं लागलेली. माझं, आणि लेकराचं जुनं. आमच्याकडं मुलींकडून हक्कसोडपत्र करून घेतात. ऑफिसात नेतात, सही घेतात, घरी आणून साडी नेसवतात, पुरणपोळी वाढतात. माहेरी, येडगावला, मीही भावांना अशीच सही दिली. साडी मोरपंखी होती. पहिल्याच धुण्यात रंग गेला. तरी मी गावभर सांगत फिरले, माझे भाऊ लई मायेचे.

दादांचा धाकटा मुलगा अमोल मेलबर्नला कंपनीत आहे. त्यानं फोनवर सांगितलं, ती इथं बस चालवते, लांबून बघितली. झालं. ज्याचं नाव घरात काढायची बंदी होती, त्याच्या सहीसाठी दादांनी माझा पासपोर्ट काढून आणला. त्या दिवशी पहिल्यांदा ते माझ्याशी थेट बोलले.

"तू आई हायेस. जरा रडलीस की सही हुईल."

मंचरच्या पलीकडं कधी एकटी न गेलेली बाई मी. विमानात कमरेचा पट्टा शेवटपर्यंत सोडला नाही. म्हटलं, सुटला तर खाली पडू.

अमोलनं मला एका बसथांब्यावर उतरवलं. हातात हक्कसोडीचा कागद घातलेली प्लास्टिकची पिशवी दिली. "काकी, ती याच रूटवर असती. तूच बोल. मला नको त्यात. दोन तासांनी येतो." गाडी गेली.

रस्ता स्वच्छ. माणूस नाही. मंचरच्या स्टँडवर पाय टेकला की कुणीतरी विचारतं, कुठं निघाली मावशी? इथं कुणी बघेनासुद्धा. हरवले तर कुणाला काय भाषेत सांगू? आणि तो सापडला तर काय सांगू?

बस दिसली की मी हात करायची. दार उघडायचं. मी आत डोकावून ड्रायव्हरची वेणी शोधायची. हो, वेणी! बारा वर्षांपूर्वी माझ्या डोळ्यांदेखत कापलेली. मग "नो, नो" म्हणून मागं सरकायची. अशा चार बसा थांबवल्या.

पाचवीत सरदारजी होते. हसत म्हणाले, "माताजी, जाना कहाँ है? आगेवाला भी बोल रहा था, एक साडीवाली हर बस रोक रही है."

"ड्रायव्हर ढूंढती. हमारे गाव का. अवसरी का."

"लडका है या लडकी?"

सरळ प्रश्न. माणसानं भाबडेपणानं विचारलेला. पिशवीतल्या कागदावर बाईचं नाव होतं.

"लडका," म्हटलं. "मेरा लडका."

बोलले आणि मागं वळून बघितलं, दादा उभे नाहीत ना.

"अवसरीवाला रोहन? वो तो पीछे आ रहा है." ते नाव मी पहिल्यांदाच ऐकलं.

पुढची बस आली. दाढीवाला माणूस. कपाळ मालकांचं. मी ओळखलंच नसतं. त्यानं ओळखलं.

"आई. आत ये. बस थांबवून ठेवता येत नाही."

मी मागच्या सीटवर बसले. शेवटच्या थांब्यावर माणसं उतरली. तो वळला.

"कशाला आलीस?"

मी पिशवी पुढं केली. त्यानं कागद वाचला, घडी घातली, परत दिला.

"या बाईला मी ओळखत न्हाई. दादांनी धाडलं ना? तू कशाला आलीस?"

म्हटलं, "तुझे वडील गेले."

"कधी?"

"चार वर्षं झाली."

"मला हे कळायला हायवेची जमीन विकायला निघावी लागली व्हय, आई?"

दादा म्हणाले होते, रड. रडू आलंच. दातांखाली ओठ धरून गिळलं. त्या कागदाच्या कामाला माझा एक थेंब लावायचा नव्हता. त्याच्या देखत कागद फाडला. तो थांब म्हणाला नाही, बरं केलं असंही म्हणाला नाही.

"माझी परत निघायची वेळ झाली. तुला त्याच थांब्यावर सोडतो."

उतरताना म्हणाला, "परत आलीस तर कुणाच्या कामाला येऊ नको."

घरी आले. ओट्यावर दादा, जाऊबाई.

"सही?"

"न्हाई. आन् माझीबी हुनार न्हाई."

"म्हातारे, कुनाच्या जिवावर बोलतीस?"

"माझ्या मुलाच्या."

आत गेले आणि दाराला कडी घातली.

तेव्हापासून माझ्या वाट्याच्या वावराचं पाणी बंद आहे. माझ्या दारावरून भावकी मान फिरवून जाते. अमोलची पोरं फोनवर मला आजी म्हणायची, त्यांचाही फोन बंद. साठी ओलांडलेली एकटी बाई, कडी वाजली तरी दचकते.

उद्या मंचरला वकिलाकडं जाणार आहे. सात-बाऱ्यावरचं ते बाईचं नाव काढून रोहन हे नाव लावायला काय काय लागतं ते विचारणार. वकील हसेल. हसून झालं की पुन्हा विचारणार. माझ्या हिश्श्याचं मृत्युपत्रही त्याच्या नावानं करणार. तो घेईल की फेकून देईल, त्याची मर्जी. माफी मी त्याबदल्यात मागणार नाही.

भीती गेली नाही. भीत भीतच एसटीत चढणार.